कांदा म्हणजे ८१

माझा मेव्हणा निफाडकडे द्राक्षं पिकवतो आणि पावसाळ्यात गूढं उकलतो. दोन्ही कामं सारखीच बेभरवशाची. पण गुढावर डाऊनीचा रोग पडत नाही आणि त्याचे पैसे बुडवून कुठला व्यापारी पळत नाही, म्हणून त्याचा जीव दुसऱ्या कामावर अधिक. श्रावणात बागेला जरा उसंत मिळाली, की रविवारी सकाळी तो नाशकात येतो, वाटेत मिसळ खातो, आमच्याकडे वर पोहे खातो आणि मग पिशवीतून पुस्तकं काढतो.

ही पुस्तकं तुम्हीही पाहिली असतील. रामकुंडाकडे जाताना जपमाळा, तांब्याचे गडू आणि पाण्याच्या रिकाम्या बाटल्या यांच्या मधोमध ती उताणी पडलेली असतात. शीर्षकं तयार करायची पद्धत सोपी आहे. रहस्य, गुप्त, प्राचीन, दिव्य असे चार शब्द पत्त्यांसारखे पिसायचे आणि वरचे तीन उघडे टाकायचे. मुखपृष्ठावर पिरॅमिड, पिरॅमिडवर डोळा, मागे कडाडणारी वीज आणि खाली, आपल्याकडचा वाचक दुखावू नये म्हणून, एक कमळ. लेखकाच्या नावाआधी डॉक्टर. पहिल्या पानावर बजावलेलं असतं की हे ज्ञान अनधिकारी माणसाच्या हाती पडता कामा नये. शेवटच्या पानावर किंमत असते ८० रुपये. म्हणजे अधिकार नक्की कितीला मिळतो, तेही कळतं.

त्या रविवारी पिशवीतून नेहमीच्या तीन पुस्तकांबरोबर एक जाडजूड, पाठ सुटलेलं मराठी बायबल निघालं. रद्दीवाल्याकडून वजनावर आणलेलं.

"दाजी, याच्यात सगळं लिहून ठेवलंय."

"ते आहेच. धर्मग्रंथ आहे तो."

"तसं नाय हो. पुढचं सगळं. खून, भूकंप, लढाया. फक्त अक्षरं मोजत जायचं."

आता हे त्याच्या डोक्यातून आलेलं नव्हतं, हे सांगायला हवं. मायकेल ड्रॉस्निन नावाच्या अमेरिकन पत्रकारानं १९९७ साली ‘द बायबल कोड’ हे पुस्तक काढलं आणि ते जगभर खपलं. कल्पना अशी: बायबलची पहिली पाच पुस्तकं मूळ हिब्रूत घ्यायची, शब्दांमधली मोकळी जागा काढून टाकायची. मग ३,०४,८०५ अक्षरांची एक सलग रांग उभी राहते, आपल्याकडे पंढरपुरात दर्शनाला असते तशी. मग त्या रांगेतलं दर पाचवं, दर पन्नासावं किंवा दर पाच हजारावं माणूस बाहेर बोलवायचं, म्हणजे अक्षर, आणि काय शब्द जुळतो ते बघायचं. इस्रायलचे पंतप्रधान यित्झाक राबिन यांचा १९९५ मध्ये झालेला खून आपल्याला असाच आधी दिसला होता, असं ड्रॉस्निनचं म्हणणं. या सगळ्याला आधार होता १९९४ साली ‘स्टॅटिस्टिकल सायन्स’ या नियतकालिकात आलेल्या एका निबंधाचा, आणि तो लिहिणाऱ्या तिघांत एलियाहू रिप्स हे खरेखुरे गणिती होते. संपादकांनी तो निबंध एक कोडं म्हणून वाचकांपुढे ठेवला होता. जगानं उत्तर म्हणून उचलला.

टीका फार झाली तेव्हा ड्रॉस्निन चिडून म्हणाला, की ‘मोबी डिक’ कादंबरीत एखाद्या पंतप्रधानाचा खून सापडला तर मी तुमचं ऐकेन. असं चिडून बोलू नये. ऑस्ट्रेलियातले ब्रेंडन मॅके नावाचे गणिती शांतपणे ‘मोबी डिक’ घेऊन बसले आणि त्यांनी त्यात ट्रॉट्स्की, केनेडी, मार्टिन ल्यूथर किंग यांचे मृत्यू शोधून दाखवले. राबिनसुद्धा. आणि आपल्या इंदिरा गांधीसुद्धा. १८५१ साली छापलेल्या, देवमाशाच्या शिकारीवरच्या कादंबरीत. हे मी मेव्हण्याला सांगितलं तेव्हा त्यानं थोडा विचार केला आणि विचारलं, "ही मोबी डिक मराठीत मिळंल का?"

मिळाली नाही तोवर बायबलवर काम सुरू झालं. पण मराठीत हा कारखाना पहिल्याच दिवशी बंद पडला. हिब्रूत लिहिताना स्वर लिहीत नाहीत, नुसती व्यंजनं. म्हणून तिथे कुठलीही चार अक्षरं शेजारी आली, की काही ना काही अर्थ निघतोच. मराठीत मात्रा, वेलांट्या काढून टाकल्या तर काय होतं ते आम्ही वहीवर करून पाहिलं. दर सातवं अक्षर घेता घेता एका ठिकाणी ‘न’ आणि ‘त’ आले. आता हे काय? नेता? नातू? नातं? मेव्हण्याचं म्हणणं, तिन्ही एकच आहे, तालुक्यात जाऊन बघा. नीतीसुद्धा त्याच दोन अक्षरांत बसते, असं मी सुचवलं. ती वाचायचं काही कारण नाही, असं दोघांचंही मत पडलं.

पुढचा पेच जोडाक्षरांचा. ‘ख्रिस्त’ यात अक्षरं किती? मी म्हणालो दोन, तो म्हणाला चार, आणि स्वयंपाकघरातून बायको म्हणाली की पोहे गार झालेत. अखेर बायबल बाजूला ठेवून त्यानं सराव म्हणून माझ्या पुतण्याच्या लग्नाची पत्रिका घेतली. तिथे मात्र हात लगेच बसला. आमंत्रणाच्या दुसऱ्या ओळीपासून दर अकरावं अक्षर घेतलं तर ‘पळ’ असा स्पष्ट आदेश निघत होता. पुतण्याला त्या वेळी कुणी मोजून दाखवलं असतं तर, असं मेव्हणा बराच वेळ हळहळत होता.

मला मात्र या सगळ्यात वेगळीच गोष्ट खटकत होती. हा सारा डोलारा उभा आहे तो एकही अक्षर इकडचं तिकडे झालेलं नाही, या भरवशावर. एक अक्षर गळलं की त्यापुढची सगळी मोजणी बोंबलली. हिब्रू लेखनिक तोरा, म्हणजे हीच पाच पुस्तकं, उतरवताना किती काळजी घेत, एक अक्षर चुकलं तरी ती गुंडाळी वाचनाला बाद कशी ठरे, हे खरं आहे. पण अक्षराचा भरवसा नाशिककरांना सांगू नका. गंगापूर रोडवरून थोडं पुढे गेलं की आनंदवल्ली लागते. राघोबादादा आणि आनंदीबाई यांचं ते गाव, नावच तिच्यावरून पडलं. १७७३ च्या ऑगस्टात शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्याचा खून झाला, आणि तेव्हापासून मराठी माणूस सांगत आला आहे की मूळ चिठ्ठीत ‘धरावे’ होतं, आनंदीबाईंनी ‘ध’ चा ‘मा’ केला, म्हणजे ‘मारावे’. इतिहासकार त्या चिठ्ठीबद्दल काय म्हणायचं ते म्हणोत. आम्हा नाशिककरांना लहानपणापासून पक्कं माहीत आहे की कागदावरचं एक अक्षर बदलायला हजार वर्षं आणि गुप्त पंथ लागत नाही. दौत, बोरू आणि घरातलंच माणूस पुरतं.

हे ऐकून मेव्हणा खूश झाला. म्हणजे आपल्याकडेही कोड होता तर! त्याच्या आनंदावर विरजण घालायचं म्हणून मी त्याला खरा कोड सांगितला, आणि ती माझी त्या पावसाळ्यातली सगळ्यात मोठी चूक.

आपल्याकडे कटपयादी नावाची पद्धत आहे. बनावट नाही, अस्सल आहे. केरळच्या ज्योतिष्यांनी आणि गणित्यांनी ती शतकानुशतकं वापरली, कर्नाटक संगीतातल्या ७२ मेळांची नावं तिच्यावर बेतलेली आहेत. क, ट, प, य म्हणजे १. तिथून पुढे ख, ठ, फ, र म्हणजे २, असं चढत जायचं. मात्रा मोजायच्या नाहीत, अनुस्वार सोडून द्यायचा आणि आलेले आकडे उलटे वाचायचे. लांबलचक कोष्टकं पाठ करायला सोपी जावीत म्हणून केलेली ही सोय. लपवण्यासाठी नाही, लक्षात राहावं म्हणून. हा फरक गूढवाल्यांना कधी पटत नाही. ‘जय’ हे उदाहरण प्रसिद्ध आहे. ज म्हणजे ८, य म्हणजे १, उलटं वाचलं की १८. महाभारताचं जुनं नाव जय, पर्वं अठरा, युद्ध अठरा दिवसांचं, सैन्य अठरा अक्षौहिणी.

मेव्हण्यानं वही ओढून घेतली. शेतकरी माणूस, पहिला शब्द कुठला घेणार? कांदा. क म्हणजे १, द म्हणजे ८. उलटं वाचा: ८१.

तो एकदम गप्प झाला. मग वही माझ्यापुढे सरकवली.

"दाजी, जय १८. कांदा ८१. जयाच्या बरोब्बर उलटा."

मी काय बोलणार? लासलगावच्या बाजार समितीत जो कोणी एकदा ट्रॅक्टर घेऊन रांगेत उभा राहिला आहे, त्याला हे पटवायला कटपयादी लागत नाही. पण शास्त्राधार मिळाल्यावर पराभवालाही एक भारदस्तपणा येतो, तो त्याच्या चेहऱ्यावर दिसत होता. नंतर त्यानं मिसळ काढली. म ५, स ७ आणि ‘ळ’ ला ९ देतात ते धरून ९७५. हा कशाचा आकडा असावा, यावर बराच खल झाला आणि तो भाव असून अजून लागू झालेला नाही, असं ठरलं. मी त्याला एक गोष्ट मुद्दाम सांगितली नाही. हिब्रूतही अक्षरांना आकडे आहेत, आणि ‘जीवन’ या अर्थाचा जो ‘खाय’ शब्द आहे, त्याच्या दोन अक्षरांची बेरीज ८ आणि १० मिळून १८ होते. त्यामुळे ज्यू लोक आहेराची रक्कम अठराच्या पटीत देतात. जय १८, खाय १८. हे त्याला कळलं असतं तर तो त्या दिवशी घरी गेला नसता.

तो गेला, पण बायबल विसरून गेला. घरात ओल आल्यामुळे दुरुस्ती निघाली होती, टीव्ही चादरीखाली झाकलेला होता, म्हणून मी ते वाचायला घेतलं. अक्षरं न सोडता. सरळ, ओळीनं, छापलं आहे तसं.

मधली पुस्तकं सहसा कोणी वाचत नाही. निर्गम संपलं की लेवीय लागतं, आणि तिथे चांगले चांगले भाविक झोपतात. सगळे कायदेच कायदे. ज्यू परंपरेनं मोजले ते ६१३: करा म्हणून २४८, करू नका म्हणून ३६५. लोकर आणि ताग एकत्र विणलेलं कापड घालू नका. मळणीच्या बैलाला मुसकं बांधू नका. घर बांधलंत तर गच्चीला कठडा करा, नाहीतर वरून कोणी पडलं तर रक्त तुमच्या माथी. या शेवटच्या कायद्याला तीन हजार वर्षं झाली असतील नसतील, पण आमच्या सोसायटीच्या सभेत तो विषय अजून ‘पुढील बैठकीत घेण्यात यावा’ इथेच आहे.

आणि मग लेवीयचा चौदावा अध्याय. घराच्या भिंतीवर हिरवट किंवा तांबूस डाग दिसू लागले तर काय करावं? मी चष्मा पुसून समोर हॉलच्या भिंतीकडे पाहिलं. हिरवट होते, तांबूसही होते. घरमालकानं याजकाला जाऊन सांगावं. याजक यायच्या आधी घरातलं सगळं सामान बाहेर काढावं. याजकानं डाग बघून घर सात दिवस बंद ठेवावं, पुन्हा येऊन बघावं. डाग पसरले असतील तर तिथले दगड काढून गावाबाहेर टाकावेत, आतून भिंती खरवडाव्यात, नवा गिलावा करावा. त्यानंतरही डाग परतले तर घर पाडून टाकावं.

मी हे बायकोला वाचून दाखवलं. ती म्हणाली, "हे तर परवा कंत्राटदार सांगून गेला."

खरोखरच तो शब्द न् शब्द तेच सांगून गेला होता. आधी सामान हलवा. मग आठवडाभर वाळू द्या. मग खरवडू, मग प्लॅस्टर. आणि पुन्हा आलीच ओल तर साहेब, आता बिल्डिंग जुनी झाली, रिडेव्हलपमेंटचं बघा. फरक एवढाच, की लेवीयमध्ये घर शुद्ध ठरलं की याजक दोन पाखरं आणतो, एक बळी देतो आणि दुसरं मोकळं सोडतो. आमच्या कंत्राटदारानं आगाऊ रक्कम घेऊन स्वतःलाच मोकळं सोडलं. फोन लागत नाही.

मोशेचा हा कायदा आणि सोवळं यांचं आम्हा नाशिककरांना तसं अप्रूप नसावं. गोदावरीकाठच्या जलालपूरच्या लक्ष्मीबाई टिळकांनी ‘स्मृतिचित्रे’त आपल्या वडिलांच्या सोवळ्याचं जे वर्णन केलं आहे, ते वाचताना वाटतं की या गृहस्थांना लेवीय दाखवलं असतं तर त्यांनी ते ढिलं म्हणून परत केलं असतं. त्यांच्याच मुलीनं पुढे नवऱ्यापाठोपाठ ख्रिस्ती व्हावं आणि त्या सगळ्यावर इतकं हसत लिहावं, ही गंमत कुठल्याही कोडवाल्याला आधी दिसली नसती. त्याच पिढीतल्या पंडिता रमाबाई. त्यांनी केडगावला बसून हिब्रू, ग्रीक शिकून बायबल मराठीत आणलं, तेही साध्या बायकांना कळेल अशा मराठीत. एवढे कष्ट एका बाईनं घेतले ते काही लपवण्यासाठी नव्हते. आणि आपण त्यातलं दर सातवं अक्षर मोजतो.

मुळात पुस्तक हाताशी असलं म्हणजे कायदा पाळला जातो, असं नाही. उलटंही झालेलं आहे. आपल्या जुन्या कुलाबा जिल्ह्याच्या किनाऱ्यावरचे बेने इस्राएल ज्यू घ्या. नवगावजवळ जहाज फुटलं, सात पुरुष आणि सात बायका वाचल्या, अशी त्यांची परंपरा सांगते. ग्रंथ गेले. उरलं काय? एक प्रार्थना, सुंता, शनिवारची सुटी आणि खवले नसलेला मासा खायचा नाही, एवढं. धंदा तेलाच्या घाण्याचा, आणि शनिवारी घाणा बंद म्हणून गाव त्यांना शनवार तेली म्हणू लागलं. पुढे डेव्हिड राहाबी नावाचा माणूस आला, त्यानं बायकांपुढे मासळी ठेवली म्हणतात. त्यांनी खवल्याची बरोबर वेगळी काढली, आणि हे ज्यू आहेत हे त्यानं ओळखलं. जवळ पान नाही, अक्षर नाही, आणि कायदा पाटीतल्या मासळीत जिवंत. रहस्यवाल्या पुस्तकांत हे कुठे नसतं, कारण यात रहस्य काही नाही. शनिवारी दुकान बंद ठेवायचं, नुकसान सोसायचं. ८० रुपयांत असलं काय विकणार?

नाशकातही बायबल काही परगावचं नाही. शरणपूर रोडवर आज सराफ, दवाखाने आणि शोरूम आहेत. तिथून रोज जाणाऱ्याला ‘शरणपूर’ या शब्दातलं ‘शरण’ ऐकू येत नाही. १८५४ साली मिशनऱ्यांनी तिथे वस्ती वसवली. अरबी गलबतांतून गुलाम म्हणून नेली जाणारी आफ्रिकन मुलं इंग्रजी आरमारानं सोडवली, त्यांतली कित्येक इथे शिकली. पुढे आफ्रिकेत शोधप्रवासी डेव्हिड लिव्हिंग्स्टनबरोबर जे गेले त्यांना ‘नासिक बॉइज’ म्हणत. १८७३ मध्ये लिव्हिंग्स्टन वारला तेव्हा त्याचा देह किनाऱ्यापर्यंत वाहून आणणाऱ्यांत आणि पुढे लंडनपर्यंत पोचवण्यात आपल्या शरणपुरात शिकलेला जेकब वेनराइट होता. बायबलच्या पाचव्या पुस्तकात एक कायदा आहे: मालकाकडून पळून तुझ्याकडे आलेल्या गुलामाला परत धाडू नकोस, त्याला आवडेल त्या गावात राहू दे. हे पिरॅमिड आणि डोळा न काढता छापलेलं आहे.

त्या पाचव्या पुस्तकाचं मराठी नाव ‘अनुवाद’. मेव्हणा पुढच्या रविवारी आला तेव्हा त्याला हेच आधी संशयास्पद वाटलं. "सगळं पुस्तकच अनुवाद आहे म्हणता, मग यालाच एकट्याला अनुवाद का?" मी म्हटलं, ते सोड, तुझ्या कामाचं ऐक. आणि द्राक्षांचे कायदे काढले.

ही बाब मला खरोखरच ठाऊक नव्हती. बायबलमध्ये द्राक्षबागेवर इतकं बारीक लिहिलेलं आहे, की पिंपळगाव बसवंतला त्याची वेगळी आवृत्ती निघायला हरकत नाही. बागेत दुसरं पीक पेरू नका. ज्यानं बाग लावली आणि अजून फळ चाखलं नाही, त्याला लढाईवर नेऊ नका, घरी जाऊ द्या. सहा वर्षं छाटणी करा, सातव्या वर्षी जमिनीला विसावा द्या, बाग छाटू नका.

"सातव्या वर्षी छाटायची नाही?" मेव्हणा म्हणाला. "म्हणजे खरड छाटणी पण नाही आणि ऑक्टोबर छाटणी पण नाही? मग मला बँक छाटंल."

बँकेचीही सोय आहे, मी म्हणालो. दर सात वर्षांनी कर्ज माफ करायचं.

त्यानं पहिल्यांदाच बायबलकडे आदरानं पाहिलं. आपल्याकडे कर्जमाफी २००८ ला आली, मग २०१७ ला, मग २०१९ ला, यात काही अंतर ठरलेलं नाही, ते निवडणुकांचं पंचांग पाहून काढावं लागतं. मोशेनं सरळ सात सांगून टाकले. पण पुढची हकीकत ऐकून त्याचा आदर ओसरला. सातवं वर्ष जवळ आलं की सावकार कर्जच देईनात. गरिबाच्या भल्याचा कायदा गरिबाच्याच मुळावर आला. तेव्हा हिल्लेल नावाच्या थोर धर्मपंडितानं तोड काढली: कर्ज न्यायसभेच्या हवाली करणारा एक कागद करायचा, म्हणजे ते माफीत येत नाही. प्रोझबूल म्हणतात त्या कागदाला. मेव्हणा म्हणाला, "म्हणजे आमचा सोसायटीचा सचिव." एवढ्या दोन हजार वर्षांच्या भाष्यपरंपरेत याहून थोडक्यात कोणी सांगितलं नसेल.

मग मी लेवीयचा एकोणिसावा अध्याय काढला. द्राक्षं काढताना वेल ओरबाडून रिकामा करू नका, आणि खाली पडलेले मणी गोळा करू नका, ते गरिबांना आणि परक्यांना राहू द्या. त्याला जोडून अनुवादातलं: शेजाऱ्याच्या बागेत गेलात तर पोट भरेस्तोवर खा, पण भांड्यात घालून नेऊ नका.

"हे जमायचं नाही," मेव्हणा म्हणाला. "खालचे मणी पण क्रेटनी जातात आता. त्याचे पण पैसे येतात."

"अरे, पण इथे स्पष्ट लिहिलंय."

"वरवर तसं दिसतं, दाजी. याचा आतला अर्थ वेगळा असंल."

उघड लिहिलेलं सोडून आतलं शोधायचं, असं प्रत्येक बाबतीत आहे. नोटांचं नाही का? नाशिकरोडला १९२८ पासून नोटा छापतात, आमच्या आळीत त्या छापखान्यातून निवृत्त झालेले दोन गृहस्थ राहतात. २०१६ च्या नोव्हेंबरात सगळा देश २००० ची नोट उन्हात धरून तिच्यात उपग्रहाशी बोलणारी चिप शोधत होता. रिझर्व्ह बँक सांगून थकली की असं काही नाही. मेव्हण्यानं तर नोट मोबाईलजवळ धरून काही ऐकू येतं का, ते पाहिलं. पण नोटेवर जे उघड लिहिलेलं आहे, पंधरा भाषांच्या त्या उभ्या पट्टीत आपल्या मराठीतही लिहिलेलं आहे, ते त्यानं वाचलंय का म्हणून मी विचारलं. तो म्हणाला, नोट ही काय वाचायची गोष्ट आहे?

मार्चमध्ये बाग उतरायला आली तेव्हा मी आणि बायको निफाडला गेलो. सकाळची वेळ, मांडवाखाली हिरवा गारवा, आणि ओळीओळीनं बसलेल्या बायका. एका हातात घड, दुसऱ्या हातात छोटी कात्री. तडकलेला, बारका, डाग पडलेला मणी त्या इतक्या हलक्या हातानं उडवत, की घडाला कळतही नव्हतं. खाली मण्यांचा सडा. माझ्याकडे बघून त्यांतली एक म्हातारी म्हणाली, "खा ना बाबा. पोटभर खा. पिसवीत तेवढं नका भरू, मालक वरडंल."

मी तिच्याकडे बघतच राहिलो. अनुवाद, अध्याय तेविसावा. तिला बायबल कशाशी खातात हे माहीत असायचं कारण नव्हतं. बायकोकडे वळून हे सांगणार, तर बायकोच्या पिशवीत तोवर दोनेक किलो गेले होते. "मालक माझा भाऊ आहे," ती म्हणाली. कायद्यात अशा नातलगांचा उल्लेख मला कुठे आढळला नव्हता.

बांधावर व्यापाऱ्याचा टेम्पो लागला होता. मेव्हणा वही घेऊन क्रेट मोजत होता. शेवटचा क्रेट चढला, मागचं फाळकं लागलं, ड्रायव्हरनं बिडी टाकली, आणि मेव्हण्याचा चेहरा उतरला. त्यानं पुन्हा मोजलं. मग हात वर करून टेम्पो थांबवला.

"एक उतरव."

"का हो मालक? भरलाय की नीट."

"उतरव म्हणतो ना. एक्क्याऐंशी झालेत."

ड्रायव्हरला काही कळलं नाही, पण त्यानं उतरवला. व्यापाऱ्याचा माणूस कटकट करू लागला, की असा एकच क्रेट मागे ठेवून तुम्ही करणार काय, परत शेडात नेणार का? शेडात नेला तर तिथलीही मोजणी बिघडणार होती. मेव्हणा घाईघाईनं तो क्रेट उचलून मांडवाखाली घेऊन आला, बायकांच्या मधोमध ठेवला आणि म्हणाला, "घ्या, वाटून घ्या. घरी न्या. पण इथं ठेवू नका."

टेम्पो ८० क्रेट घेऊन पिंपळगावच्या दिशेनं गेला. मेव्हणा बऱ्याच मोकळ्या मनानं घाम पुसत माझ्याशेजारी येऊन बसला. बायकांनी पदर पसरून घड वाटून घ्यायला सुरुवात केली होती. म्हातारीनं आपला वाटा पिशवीत ठेवला, गाठ मारली, आणि आवाज चढवून विचारलं, "दादा, उद्या पण येवढंच भरंल का रं?"